एकतिसावं चित्र

"अंबाडा सोडा, पिना काढा, मंगळसूत्र या वाटीत ठेवा."

परिवहन कार्यालयाच्या महिला कक्षात येणाऱ्या प्रत्येक बाईला कांचन साळुंखे आधी हेच सांगायची. मंगळसूत्र काढायचं म्हटलं की बाई दचकायची. मग कांचन म्हणायची, "अहो, चार मिनिटांत काही होत नाही त्यांना. टोपीला धातू चालत नाही, एवढंच." बाई हसायची, केसांच्या मुळाशी गार मलम लागलं की अंग चोरायची, आणि डोळ्यांसमोरच्या पडद्याकडे बघत बसायची. कक्षाच्या बाहेर तिचा नवरा नव्या गाडीचे कागद, झेंडूचा हार आणि पेढ्यांचा पुडा सांभाळत उभा असायचा.

गाडी नवऱ्याने घ्यायची आणि नोंदवायची बायकोच्या नावावर, अशी त्या जिल्ह्याची रीतच पडली होती. बाईच्या नावावर घेतली की करात सूट मिळायची. पण तसं तोंडाने म्हणायला पुरुषांना कसंसंच वाटायचं, म्हणून जो तो म्हणायचा, "माझ्या पत्रिकेत वाहनसुख नाही." संबंध जिल्ह्यातल्या नवऱ्यांच्या पत्रिकेतून वाहनसुख एकाएकी नाहीसं झालं होतं, आणि बायकांच्या पत्रिकेत ते मावत नव्हतं.

पण नावाबरोबर आणखीही एक गोष्ट बाईच्या गळ्यात पडायची. ती म्हणजे कौल.

गाड्या आपल्या आपण चालू लागल्या त्याला तोवर बरीच वर्षं झाली होती. वळणं, सिग्नल, गुरंढोरं, लग्नाच्या वराती, सगळं त्या शिकल्या. एक गोष्ट मात्र त्यांना कुणी शिकवायला तयार नव्हतं. अपघात अटळ झाला, कुणीतरी जाणारच, अशा शेवटच्या अर्ध्या सेकंदात कुणाला वाचवायचं? कंपन्या म्हणाल्या, ते आम्ही ठरवणार नाही. सरकार म्हणालं, आम्हीही नाही. शेवटी कायदा झाला की ज्याच्या नावावर गाडी, त्याच्या मनाने गाडी वागेल.

मन कसं मोजायचं, ते मेंदूवाल्यांनी आधीच शोधून ठेवलं होतं. आपण विचार करून ठरवतो असं आपल्याला वाटतं. खरं म्हणजे मेंदू आधीच एका बाजूला कललेला असतो आणि विचार मागून येऊन त्यावर सही करतो. हा कल विचाराच्या सेकंदाचा तिसरा हिस्सा आधी कवटीवरून टिपता येतो. म्हणून पडद्यावर चाळीस चित्रं दाखवायची, एकेक पापणी लवायच्या आत. डावीकडे एक माणूस, उजवीकडे दुसरा, धडक एकालाच. उत्तर द्यायचंच नसतं, टोपी ते परस्पर घेते. चाळीस कल मिळून जो आकृतिबंध होतो तो गाडीच्या चिपमध्ये जातो आणि चेसिस नंबरासकट तिथं सील होतो. नोंदणीपुस्तकात तो कुणाला वाचायला मिळत नाही. अपघात झाला तरच सील उघडतं. आणि बोटांच्या ठशासारखा हा कौल जन्मभर बदलत नाही, असं परिपत्रकात छापलेलं होतं.

घोळ एवढाच होता की दर तीन बायकांमागे एकीचा मेंदू कुठंच कलायचा नाही. पुरुषांचा कलायचा. त्यांना जन्मभर कुणीतरी "तुमचं काय मत?" असं विचारलेलं असतं. बाई आधी बघणार, सासऱ्यांना काय वाटेल, यांना काय वाटेल, आणि तेवढ्यात चित्र निघून जाणार. मग पडद्यावर शब्द उमटायचा, "अनिश्चित". म्हणजे नोंदणी नाही, तीन महिन्यांनी परत या.

कांचनने पहिल्यांदा केलं ते अशाच एका बाईसाठी. डोंगराकडच्या वस्तीवरची बाई, तिसऱ्यांदा आलेली. तिसऱ्यांदाही अनिश्चित. बाहेर नवरा सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणत होता, "हिला घरी भाजी कुठली करायची ते ठरवता येत न्हाई, हिला कशाला आणली!" बाईने ओठ असे दाबून धरले होते की कांचनला राहवलं नाही. बाईचा अंगठा यंत्राने आधीच घेतलेला होता. कांचनने तिला पाणी प्यायला बाहेर पाठवलं, टोपी स्वतःच्या डोक्यावर चढवली आणि चार मिनिटं बसली. पडद्यावर आलं, "निश्चित. चाळीसपैकी चाळीस." बाई परत आल्यावर, मशीन अडकलं होतं, एवढंच तिने सांगितलं. नोकरीला लागताना शिकवायला आलेला इंजिनिअरही म्हणाला होता, "ताई, तुमच्यासारखा स्वच्छ कौल मी बघितला नाही." कांचनला तेव्हा शाळेत पहिला नंबर आल्यासारखं वाटलं होतं.

त्या बाईच्या नोंदीपुढे तिने हजेरीच्या वहीत निळं टिंब काढलं. सात वर्षांत अशी दोनशे अकरा टिंबं झाली. वाईट करतोय असं तिला एकदाही वाटलं नाही. रडत आलेली बाई हसत परत जायची, यात वाईट ते काय?

*

वृषाली दळवी आली तेव्हा कक्षात गर्दी नव्हती. तिशीची, शाळेत शिकवणारी. कपाळावर अर्ध्या बोटाएवढी जखम, वाळत आलेली. बाकी अंगावर ओरखडा नाही.

"मला माझ्या कौलाची नक्कल हवी आहे," ती म्हणाली. "वकिलांनी मागितली आहे."

अपघाताची बातमी सगळ्या गावाला ठाऊक होती. वृषाली सासूबाईंना डोळ्यांच्या दवाखान्यात नेत होती. ती पुढे उजवीकडे बसलेली, सासूबाई, म्हणजे ताराबाई, मागे डावीकडे. म्हाताऱ्या माणसांना डावीकडेच बसवतात, दार फुटपाथच्या बाजूला उघडतं म्हणून. घाटात समोरच्या ट्रकमधून दगड घसरले. गाडीला थांबायला जागा नव्हती, फक्त कुठल्या बाजूने मार घ्यायचा तेवढं हातात होतं. गाडीने डावी बाजू पुढे केली.

सील उघडलं तेव्हा एकतिसाव्या चित्रावर बोट ठेवलं गेलं. डावीकडे वृद्ध स्त्री, उजवीकडे तरुण स्त्री. कल स्पष्ट होता, आणि तो म्हातारीच्या विरुद्ध होता. गाडी निर्दोष ठरली, कंपनी निर्दोष ठरली. वृषालीचा नवरा संग्राम याने तिला माहेरी धाडलं आणि पाच वर्षांच्या मुलीला ठेवून घेतलं. आता कार्यालयाने "हा कौल याच बाईचा" असं प्रमाणपत्र दिलं, की तिच्यावर खटला उभा राहणार होता.

कांचनने नक्कल काढून दिली. वृषालीने ती वाचली नाही, घडी करून पर्समध्ये ठेवली.

"ताई, टोपी तुम्हीच घातली होती मला. मागच्या दसऱ्याला. आठवत नसेल तुम्हाला."

"दसऱ्याला लई गर्दी असती हो."

"मशीन चुकत नाही ना?"

"न्हाई चुकत." सात वर्षांची सवय. तोंडातून आपोआप गेलं.

वृषालीने मान हलवली. "मी तेच म्हणते. मला वाटायचं, आईंचं आणि माझं चांगलं आहे. शेवटच्या दिवशी सकाळी मी त्यांची वेणी घातली होती, ताई. वेणी घालताना माझ्या मनात हे होतं. नुसतं मला ठाऊक नव्हतं. हे म्हणतात, दहा वर्षं तू नाटक केलंस. मला वाटतं, खरंच केलं असेल."

ती गेल्यावर कांचनने वही काढली. दसऱ्याचं पान शोधायला वेळ लागला नाही. दळवी वृषाली संग्राम. पुढे निळं टिंब.

कांचन बायकांच्या खुर्चीवरच बसली. दहा वर्षांचं नाटक वृषालीचं नव्हतं, आणि एकतिसाव्या चित्रातला कलही तिचा नव्हता.

*

कांचनच्या घरी दोनच माणसं होती, ती आणि तिची सासू सोनाबाई. नवरा जाऊन बारा वर्षं झाली होती. सोनाबाईंना लकवा होऊन नऊ. उजवं अंग गेलेलं, जीभ जड, डोकं मात्र धारदार. त्यांना कुशीवर वळवणं, पुसणं, न्हाऊ घालणं, दुधात भाकरी कुस्करून भरवणं, सगळं कांचन करायची. शेजारची सारिका पाटोळे तर आपल्या सासूला ऐकवायची, "कांचनताई करतात तसं माझ्याच्यानं होणार न्हाई, आधीच सांगते." गल्लीत कुठल्याही सुनेला बोल लावायचा असला की कांचनचं नाव निघायचं.

त्या संध्याकाळी भरवता भरवता कांचनचा हात थांबला.

"आत्या, एक सांगायचंय."

सोनाबाईंनी डोळे वर केले.

"एका अंगाला तुम्ही, एका अंगाला मी, आन् एकच वाचणार असलं, तर मी तुमाला सोडीन. मशीनवर तसं आलंय."

सोनाबाईंनी जड जिभेने विचारलं, "कवा?"

"सात वर्सांमागं. मग पुन्ना पुन्ना. दोनशे अकरा येळा."

तिने सगळं सांगितलं. टिंबं, दळव्यांची सून, तिची मुलगी. सोनाबाईंनी तोंड मिटून घेतलं. चमचा ओठांशी नेला तर त्यांनी मान भिंतीकडे वळवली.

दोन दिवस त्या कांचनच्या हातचं जेवल्या नाहीत. सारिका येऊन भरवून जायची. "काय झालं हो आजींना?" असं विचारायची आणि उत्तराची वाट न बघता जायची. कांचन दाराशी उभी राहून म्हातारीचा हलणारा जबडा बघायची. नऊ वर्षांत आपण हिच्यावर चिडलो कधी, ते ती आठवत होती. एकदाही चिडलेली आठवेना. कदाचित तिथंच सगळं साचलं असेल. तिला स्वतःची किळस आली, भीतीही वाटली. रात्री दर तासाला उठून ती म्हातारीचा श्वास चालू आहे का बघायची. आपण झोपलो तर आपल्या आतली ती दुसरी बाई उठेल, असं तिला वाटत होतं.

तिसऱ्या दिवशी सकाळी सोनाबाईंनीच हाक मारली.

"त्या पोरीला सांग जा," त्या म्हणाल्या. "तिची लेक हाय. माझं काय, मी पडलेय."

*

प्रमाणपत्र ज्याच्या सहीने निघायचं तो निरीक्षक देवकुळे वाईट माणूस नव्हता. त्याने सगळं ऐकून घेतलं, वही चाळली, आणि दार लावून घेतलं.

"कांचनबाई, नोकरी जाईल. आत जाल. पोलीस दोनशे अकरा गाड्यांमागे एकेक कलम लावतील."

"लावू द्यात."

"टिंबं काय, कुणीही काढील. पुरावा लागतो."

"माझ्या डोक्याला टोपी घाला की. कौल बदलत न्हाई म्हणता ना? जुळवून बघा."

"दळवीबाईंचाच पुन्हा घेतला तर?"

असं त्याने स्वतःलाच विचारलं आणि स्वतःच मान हलवली. परिपत्रक त्याला तोंडपाठ होतं. ज्याच्या गाडीला अपघात झाला त्याचा कौल पुन्हा घ्यायचा नाही, धक्क्याने नोंद बिघडते.

दुसऱ्या दिवशी दुपारी दोन्ही पक्षांना बोलावलं. संग्राम दळवी दाराला टेकून उभा राहिला, हाताची घडी घालून. वृषाली आत आली. टोपी घालायला बाईमाणूस हवं आणि महिला कक्षात बाईमाणूस एकच, तीच खुर्चीवर बसलेली. शेवटी वृषालीनेच मलमाची डबी उचलली.

"अंबाडा सोडा, ताई," ती हळू आवाजात म्हणाली.

कांचनने पिना काढून वाटीत टाकल्या. वृषालीची बोटं केसांतून फिरली. सासूची वेणी घालणारी बोटं. कांचनला रडू आलं, ते तिने आतच ठेवलं, कारण डोकं हलवून चालणार नव्हतं.

चित्रं सुरू झाली. कांचनने मन मोकळं सोडायचं ठरवलं होतं. जशी होतीस तशी दिस, असं ती मनातल्या मनात त्या दुसऱ्या बाईला विनवत होती. नाक्यावरचा माणूस, कुत्रं, शाळेची मुलं. एकतिसावं चित्र आलं आणि गेलं. त्या क्षणी तिला भिंतीकडे वळलेली मान दिसली आणि छातीत कळ उठली, एवढंच.

चार मिनिटांनी देवकुळेने जुना आणि नवा, दोन्ही कौलांचे कागद शेजारी शेजारी ठेवले. ओळीओळीवर बोट ठेवून त्याने ते जुळवून बघितले.

"एकोणीस ठिकाणी फरक आहे," तो म्हणाला. "एकतिसावं तर साफ उलटं. तुम्ही म्हातारीला वाचवलं."



"साहेब, ती मीच व्हते. मी शपथ घेऊन सांगते."

"कौल बदलत नाही, कांचनबाई."

"दळवीबाईंचा बिघडतो म्हणता, मग माझा कसा न्हाई बिघडणार?"

"त्यांच्या गाडीला अपघात झाला होता. तुमचा कुठं अपघात झालाय?"

"माझाबी झालाच की, साहेब," कांचन म्हणाली.

देवकुळेची नजर क्षणभर कागदावरून उठली. त्याला कळलं होतं, हे कांचनला दिसलं. जिल्ह्यात तीन लाख गाड्या होत्या. माणसाचं मन चार दिवसांत उलटू शकतं असं त्याने एकदा लिहिलं, तर त्या तीन लाखांतल्या एकाही नोंदणीला अर्थ उरणार नव्हता. त्याने पेनाचं टोपण काढलं आणि प्रमाणपत्रावर सही केली. मग वही उचलून आपल्या कपाटात ठेवली.

"दयेपोटी माणूस खोटं बोलतं, समजू शकतो मी," तो म्हणाला. "हे प्रकरण इथंच मिटलं. उद्यापासून वेळेवर या."

संग्राम निघून गेला. वृषाली मात्र थांबली. तिने कांचनच्या केसांतलं मलम ओल्या फडक्याने पुसलं, शांतपणे, एकेक बट धरून.

"माझ्यासाठी एवढं कुणी केलं नाही," ती म्हणाली. "माझी आईसुद्धा म्हणाली, मशीन म्हणतंय म्हणजे असेल. तुम्ही तेवढ्या माझ्यासाठी खोटं बोललात."

"वृषालीबाई, खोटं न्हाई ओ. देवाशपथ न्हाई."

"असू दे, ताई. आता मला नक्की कळलं, तो कल माझाच. थोडी शंका होती, तीही गेली." तिने दोन्ही हात जोडले, आणि तिच्या चेहऱ्यावर खरोखरच कृतज्ञता होती. कांचनला ती बघवेना.

*

घरी आल्यावर कांचनने भाकरी कुस्करली. सोनाबाईंनी तोंड उघडलं. चार दिवसांनी पहिला घास त्यांनी सुनेच्या हातून घेतला.

"काय म्हनले?"

"म्हनले, ती मी न्हवंच. मी तुमाला वाचवते म्हणं आता."

सोनाबाईंनी घास गिळला. "मग ती कुटं गेली?"

ती बाई कांचनमध्ये उरलेली नव्हती, हे यंत्रानेच सांगितलं होतं. आणि ती मेलीही नव्हती. दोनशे दहा गाड्यांत ती सीलबंद बसली होती, जशीच्या तशी, चाळीसपैकी चाळीस.

बाहेर गाडीचं दार वाजलं. कांचन हातातला वाडगा ठेवून उठली. गल्लीत पाटोळ्यांची पांढरी गाडी उभी होती. वहीत त्या गाडीपुढे टिंब होतं. सारिकाने तेव्हा कांचनच्या हाताला धरून, "ताई, काहीतरी करा, हे मला खाऊन टाकतील," म्हटलं होतं. आज ती सासूला चष्म्याच्या दुकानात घेऊन निघाली होती. आजींना तिने फुटपाथच्या बाजूने, मागे डावीकडे, अलगद बसवलं, पदर आत घेतला, दार लावलं, आणि स्वतः पुढे उजवीकडे जाऊन बसली.

कांचन धावत गेली आणि काचेवर थाप मारली. "सारिका, आजींना उतरीव. न्हाईतर उजवीकडं, तुझ्याच मागं बसीव. तुझ्या गाडीत माझा कौल हाय."

सारिकाने काच खाली केली. तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता, काळजी होती. "ताई, कळलंय मला सगळं, दुपारपासून गावभर झालंय. मशीननंच सांगितलं ना, तुम्ही न्हाई म्हणून? दळव्यांच्या सुनेसाठी केलंत, लई मोठं मन तुमचं. आता जरा पडा जाऊन."

"अगं, त्या टायमाला मी—"

"चार रस्ते सोडून तर जायचंय. आलो आम्ही."

काच वर गेली. कांचनने दाराची मूठ धरली होती, ती गाडीनेच सावकाश सोडवून घेतली. आपल्याजवळ माणूस उभा आहे हे ओळखून गाडी बेताने, अगदी जपून बाजूला झाली आणि वळणाकडे निघाली. मागच्या डाव्या काचेतून पाटोळे आजींनी कौतुकाने हात हलवला. कांचननेही हलवला, आणि गाडी वळणाआड गेल्यावरही ती तशीच उभी राहून कान देत राहिली.